होयचे बहुमत

विधानसभेतलं आवाजी मतदान ज्यांनी पाहिलेलं नाही, त्यांना आधी ते सांगायला हवं. विधेयक मताला टाकलं की अध्यक्ष म्हणतात, "अनुकूल असतील त्यांनी होय म्हणावे." सत्ताधारी बाकांवरून 'होय'चा गजर होतो. मग, "प्रतिकूल असतील त्यांनी नाही म्हणावे." विरोधी बाकांवरून 'नाही'चा गलका उठतो. तो विरायच्या आत अध्यक्ष दोनदा म्हणून टाकतात, "होयचे बहुमत, होयचे बहुमत," की झाला कायदा. मोजत कोणी नाही. एखाद्या सदस्याने उठून मतविभाजन मागितलं तरच डोकी मोजायची, असा रिवाज. आणि मागणार कोण? एका बैठकीत पाच-पाच कायदे असे पार पडले आहेत, आणि तेवढ्यात कॅन्टीनचा चहासुद्धा निवलेला नाही.

या गलक्याच्या आडोशाला कौसल्या दिघोरे यांनी तीन निवडणुकांची आमदारकी काढली होती. पूर्व विदर्भातल्या तलावांच्या मुलखातला सावरतळी हा त्यांचा मतदारसंघ. ढीवर समाजातल्या, डोक्यावर मासोळीची टोपली घेऊन बाजार केलेल्या. तिथून ग्रामपंचायत, मग जिल्हा परिषद, मग विधानसभा. कामाला वाघीण. तालुक्याच्या दवाखान्याला डॉक्टर मिळत नव्हता तेव्हा मंत्र्याच्या दारात चटई टाकून बसल्या आणि डॉक्टर घेऊनच उठल्या. पण सभागृहात? तिथे हाताची घडी, तोंडावर बोट. वर्तमानपत्रवाले त्यांना 'मुकी ताई' म्हणत, आणि ताई ते हसून सोडून देत.

मुक्या मात्र त्या नव्हत्या. पक्षाचा व्हिप निघाला की तो मोडणाऱ्याची आमदारकी जाते, हे तर शाळकरी पोरांनाही ठाऊक असतं. म्हणून ताईंनी आपल्यापुरती एक सोय काढली होती. न पटणारं विधेयक आलं की 'होय'च्या वेळी त्या नुसते ओठ हलवत. आणि विरोधकांचा 'नाही'चा गलका उठला की पदर तोंडाशी धरून, खोकल्यासारखं करून, त्या गलक्यात आपलाही एक हलका 'नाही' सोडून देत. शेजारच्यालासुद्धा ऐकू जात नसे. देवाला ऐकू गेला तेवढा पुरे, असं मनाशी म्हणत आणि निवांत झोपत.

मग नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात 'स्वरविवेक' आला.

नाव सरकारी. आमदारांनी पहिल्याच दिवशी त्याला 'कान' म्हणायला सुरुवात केली. नव्या सभागृहाच्या छतात तांदळाच्या दाण्याएवढे शेकडो मायक्रोफोन बसवले होते. ते यंत्र तयार करणाऱ्या डॉ. शर्वरी आठल्ये, ध्वनिशास्त्राच्या संशोधक, सदस्यांना सगळं समजावून सांगायला उभ्या राहिल्या.

"आवाजाला प्रवासाला वेळ लागतो," त्या म्हणाल्या. "तुम्ही बोललात की आवाज जवळच्या मायक्रोफोनला आधी पोचतो, लांबच्याला किंचित नंतर. हा फरक सेकंदाच्या हजाराव्या भागाएवढा असला तरी यंत्राला पुरतो. शेकडो ठिकाणचे फरक जुळवले की आवाज कोणत्या खुर्चीतून निघाला ते कळतं. ही झाली जागा. दुसरी गोष्ट ओळख. एकच सूर सनईवर आणि पेटीवर निराळा वाटतो, कारण वाद्याची घडण निराळी. माणसाचंही तसंच आहे. घसा, टाळू, नाकातल्या पोकळ्या, दात, प्रत्येकाची घडण वेगळी. कुजबुजताना गळ्यातल्या पट्ट्या थरथरत नाहीत, पण पोकळ्या त्याच राहतात. म्हणून कुजबूजही ओळखता येते. तुमची वर्षानुवर्षांची भाषणं ऐकून यंत्र हे शिकलं आहे."

"म्हणजे आमची भाषणं ऐकणारं कोणीतरी भेटलं एकदाचं!" मागून कोणीतरी ओरडलं आणि सभागृह खदखदून हसलं.

डॉक्टर आठल्येही हसल्या. मग अगदी सहज म्हणाल्या, "जुन्या ध्वनिमुद्रणावरही ते चालतं. जुन्या सभागृहात प्रत्येक बाकाचा माइक वेगळा नोंदवला जात होता, आणि सचिवालयाने ते सगळं जपून ठेवलं आहे. चाचणी म्हणून आम्ही गेल्या काही वर्षांची आवाजी मतदानं त्यातून काढली. तळमजल्यावरच्या खोलीत प्रत्येक सदस्याला आपापला आवाज ऐकता येईल. फक्त आपला. आणि प्रत्येक पक्षाच्या प्रतोदांना आपापल्या सदस्यांचे."

या वेळी कोणी हसलं नाही. कौसल्याताईंनी तोंडाशी धरलेला पदर हळूच खाली घेतला.

पुढचे दोन दिवस त्या खोलीबाहेर आमदार मंडळी दातांच्या दवाखान्याबाहेर बसावं तशी बसलेली दिसत. कोणी आत जाऊन मिशीला पीळ देत बाहेर येई. कोणी बाहेर येऊन उगाच मोबाइल बघत उभा राही आणि मोबाइल उलटा धरलेला असे. कौसल्याताई आत गेल्याच नाहीत. आपण काय बोललो होतो ते त्यांना पाठ होतं. त्या समोरच्या बाकावर बसून नुसती तोंडं बघत राहिल्या. बाजारात बसून गिऱ्हाइकाचं तोंड वाचायची सवय जुनी होती, ती कामी येत होती.

मग त्यांना प्रतोदांचं बोलावणं आलं. प्रतोद म्हणजे पक्षाच्या आमदारांनी कधी हात वर करायचा आणि कधी खाली ठेवायचा ते ठरवणारा माणूस. दिनकरराव मोहोळकर या कामात मुरलेले होते. केसाने गळा कापावा तर त्यांनी.

"बसा ताई. चहा घ्या. सुंठ घालायला सांगितलीय मुद्दाम. तुमच्या खोकल्याला बरी," ते म्हणाले आणि टेबलावरच्या यंत्राची कळ दाबली.

"नाही."

एकच शब्द. हलका, पदरात गुंडाळलेला. भोवतीचा सगळा गलका पुसून टाकल्यामुळे तो शब्द त्या खोलीत उघडावाघडा उभा होता. ताईंना वाटलं, आपण एवढ्या बारीक आवाजात बोललो होतो?

"तलाव विनियोग विधेयक," मोहोळकर म्हणाले. "तीन वर्षांपूर्वीचं."

ताईंना वेगळं सांगायची गरज नव्हती. सरकारी तलावांचं पाणी तीस वर्षांसाठी कंपन्यांना द्यायचं, त्यावर तरंगत्या सौर पट्ट्या अंथरायच्या आणि मच्छीमार संस्थांचे ठेके रद्द करायचे, असा तो कायदा होता. पहिल्या टप्प्यात मोठे तलाव गेले. या काठापासून त्या काठापर्यंत काळ्या पट्ट्यांचं छप्पर पडलं, खालच्या पाण्याला ऊन मिळेना, आणि जाळ्यात मरळ, रोहू सोडाच, झिंगेसुद्धा येईनासे झाले.

"असे आणखीही आहेत तुमचे. पण हा एक पुरे," मोहोळकर म्हणाले. "व्हिप होता ताई. अख्ख्या पक्षातनं तुम्ही एकट्याच निघालात बघा. मला लई वाईट वाटलं. पाण्यात राहून माशाशी वैर बरं नव्हं."

"माशाशी वैर नाईच जी माझं," ताई म्हणाल्या. "म्हणूनच तर नाई म्हटलं."

मोहोळकर हसले नाहीत. "पुढच्या आठवड्यात त्याच कायद्याचा दुसरा टप्पा येतोय. राहिलेले सगळे लहान तलाव, गावोगावच्या शेततळ्याएवढ्या बोड्यासुद्धा. तुम्ही पदर बाजूला ठेवायचा आणि खणखणीत होय म्हणायचं. म्हटलंत की हे सगळं मी विसरलो. तिकीट तुमचंच. नाही म्हटलंत, तर अध्यक्षांकडं याचिका. आमदारकी जाणार आणि पुढं पक्षाचं दारही बंद. साठीला आलात ताई. आता काय पुन्हा टोपली घेणार डोक्यावर?"

ताईंना भीती वाटली. खोटं कशाला सांगायचं? आमदारकी गेली की दवाखान्यातला डॉक्टर आठवड्यात बदली करून घेईल आणि अर्धवट राहिलेला पूल तसाच राहील, हे त्यांना दिसत होतं. मानमरातबाचं त्यांना काही नव्हतं, पण हातातली सत्ता सुटली की लोकांची कामं कशी अडतात ते त्यांनी पाहिलं होतं. त्या चहा संपवून उठल्या. चहा चांगला होता.

सभागृहात त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर गुणवंतराव आसोलकर बसत. अकोल्याकडचे, गडगडाटी हसणारे, तोंडात सदा पान. पहिल्या टर्मपासूनचे बाकशेजारी. मोबाइल उलटा धरणाऱ्यांत ते होते.

"गुणवंतभाऊ," ताईंनी कागदात बघत विचारलं, "तुमच्या चहात सुंठ होती का?"

"काहून?"

"तुमालेबी म्हटलं का मोहोळकरायनं, का तुमी एकटेच निघाले म्हणून?"

गुणवंतरावांचं पान तोंडातल्या तोंडात थांबलं. त्यांनी आधी छताकडे बघितलं, मग ताईंकडे. तोंडातून फक्त एक शब्द आला. "तुमालेबी?"

"बाजूबाजूले बसून दोघंबी नाई म्हणून राहिलो होतो भाऊ. अन् दोघायलेबी ऐकू आलं नाई."

"ताई, हात जोडतो. हे इथंच गाडा," गुणवंतराव कुजबुजले आणि कुजबुजताना पुन्हा छताकडे बघितलं. "अळीमिळी गुपचिळी. मले पोराचं कॉलेज काढाचं आहे. पुढच्या वेळी मी तर बापा होय म्हणतो, बेंबीच्या देठापासून."

ताईंनी पुन्हा कागदात डोकं घातलं. त्या तळमजल्यावर पाहिलेली तोंडं आठवत होत्या. उतरलेलं प्रत्येक तोंड म्हणजे एक दबका 'नाही'. आपल्या सरकारचं बहुमत तर काठावरचं होतं. विरोधक सगळे 'नाही' म्हणालेच होते. त्यात ही तोंडं मिळवली तर? ताईंनी बोटांवर बेरीज सुरू केली.

नागपूरला अधिवेशन म्हटलं की मोर्चे आलेच. पोलीस ते ठरल्या जागी अडवतात, मग भागातला आमदार जाऊन निवेदन घेतो, दोन शब्द बोलतो आणि मोर्चेकरी चहा पिऊन गावाची गाडी धरतात. त्या दिवशी तलावांच्या मुलखातल्या मच्छीमार संस्थांचा मोर्चा होता. पुढे खैरबोडीच्या संस्थेची अध्यक्ष होती, प्रणाली. कौसल्याताईंची लेक. पहिला कायदा झाला तेव्हापासून तिने आईच्या घरात पाऊल ठेवलं नव्हतं. तिच्या गावची बोडी लहान असल्यामुळे तेव्हा वाचली होती, आता दुसऱ्या टप्प्यात जाणार होती.

"आमदार बाईंनी निवेदन घ्यावं," प्रणाली परक्यासारखी म्हणाली.

ताईंनी निवेदन घेतलं आणि लेकीला हाताला धरून बॅरिकेडच्या कडेला नेलं. तीन वर्षं पोटात ठेवलेलं ओठावर आलं. "पोरी, मी नाई म्हटलं होतं वं. त्या दिवशी. आता मशिनीत निघालं ते. त्यायनं मले ऐकवलं."

प्रणाली बघत राहिली. तिचे डोळे भरून आले आणि ताईंना वाटलं, आता ही गळ्यात पडते.

"कोणी ऐकलं होतं तवा?" प्रणालीने विचारलं.

"कोणीच नाई."

"मंग तो नाई कोणाच्या कामी आला, आई? खैरबोडीच्या? मोठ्या तलावावरच्या माणसायच्या? तुह्या झोपेच्या कामी आला तो. आमचं पानी गेलं अन् तुले झोप आली." तिने डोळे पुसले. "अन् आता मी खुश होऊ का, का तू चोरून आमच्या बाजूनं होती म्हणून?"

ती वळली आणि मोर्चापुढे जाऊन घोषणा द्यायला लागली. तिचा आवाज तीन गल्ल्या ओलांडून जात होता. ताई हातात निवेदन घेऊन उभ्या राहिल्या. विरोधी पक्षाने आजवर जितकं बोलून घेतलं होतं ते सगळं एकीकडे आणि हे एक वाक्य एकीकडे. पोरीने मुस्कटात मारली असती तर बरं झालं असतं, असं त्यांना वाटलं, कारण पोरगी खरं बोलली होती.

तिथून त्या थेट डॉक्टर आठल्यांच्या खोलीत गेल्या.

"मले एकटीचा आवाज ऐकवला त्यायनं," त्या म्हणाल्या. "हा आवाज माझा नाईच, असं म्हटलं मी, तर?"

डॉक्टरांचा स्वाभिमान दुखावला. "एकट्याचा आवाज पुरावा होऊच शकत नाही, ताई. यंत्र एकेक आवाज सुटा शोधत नाही, सगळे एकत्र सोडवतं. मिसळलेल्या डाळी निवडल्या आणि पुन्हा एकत्र केल्या तर वजन तेवढंच भरलं पाहिजे ना? तसं. सुटे केलेले सगळे आवाज परत एकमेकांत मिसळले की मूळचा गलका जसाच्या तसा उभा राहिला पाहिजे. राहिला, तरच निवड बरोबर. म्हणून नियमात लिहूनच घेतलंय आम्ही. सुनावणीत पुरावा द्यायचा तर पूर्ण मतदान वाजवायचं. सगळ्यांचे आवाज, एकामागून एक."

"नावानिशी?"

"नावानिशी."

"अन् बेरीज?"

"ती पडद्यावर आपोआप येते. पण अजून कोणी—" डॉक्टर बोलता बोलता थांबल्या. प्रत्येक प्रतोदाकडे आपल्यापुरते आवाज होते. दोन्ही बाजूंची बेरीज एकट्या डॉक्टरांनीच बघितली होती, आणि बघितली होती हे त्यांच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. "ती मी सांगू शकत नाही, ताई."

"नोका सांगू जी," ताई म्हणाल्या आणि बऱ्याच दिवसांनी मोकळ्या हसल्या. "तुमची नोकरी कायले घालवता? माझी घालवू ना."

दुसऱ्या दिवशी प्रश्नोत्तरांचा तास संपला तशी कौसल्या दिघोरे यांनी व्यक्तिगत खुलाशाची परवानगी मागितली. अध्यक्षांना इतकं नवल वाटलं की त्यांनी ती देऊन टाकली. मुकी ताई बोलणार म्हणून पत्रकारांच्या गॅलरीत झोपलेले दोघे जागे झाले.

पदर खांद्यावर घट्ट खोचून ताई उभ्या राहिल्या. "अध्यक्ष महोदय, तलाव विनियोग विधेयकाले मी नाई म्हटलं होतं. पक्षाचा व्हिप होता, तो मी मोडला. मोडला याची मले लाज नाई. चोरून मोडला, याची आहे. आता माह्यावर रीतसर याचिका टाका अन् आमदारकी घ्या. टाकत नसाल, तर काहून टाकत नाई, ते मोहोळकर साहेबायनं इथंच सभागृहाले सांगावं."

त्या बसल्या. मग विरोधकांनी बाकं बडवली, सत्ताधाऱ्यांनी ओरडायला सुरुवात केली, आणि गुणवंतराव आपली खुर्ची ताईंपासून लांब सरकवता येते का ते बघू लागले. खुर्च्या जमिनीत पक्क्या बसवलेल्या होत्या.

मुंबईत बसलेल्या पक्षश्रेष्ठींनी टीव्हीवर हे पाहिलं आणि फोन उचलला. "काढा तिला. आज सोडली तर उद्या शेंबडं पोरगंही डोळे वटारेल."

मोहोळकर त्यांना सांगू शकले असते की ती ध्वनिफीत उघडणं धोक्याचं आहे. पण सांगायचं म्हणजे आणखीही सांगावं लागलं असतं. आपल्या नाकाखालून पक्षाचे बरेच आमदार 'नाही' म्हणाले आणि आपण प्रत्येकाला 'तूच एकटा' म्हणून दाबत बसलो, हे कोणत्या तोंडाने सांगणार? म्हणून त्यांनी मुकाट याचिका टाकली. एकटीचा आवाज वाजवू, निकाल लावू, असा त्यांचा हिशेब होता. पुरावा दाखल झाल्यावर वकिलाने पूर्ण मतदान वाजवायचा नियम वाचून दाखवला तेव्हा त्यांचं धाबं दणाणलं. यंत्राच्या नावाखाली कोणी बनावट आवाज आपल्या गळ्यात बांधू नये म्हणून या आमदारांनीच एकमताने तो नियम करून घेतला होता. आणि त्याच्याच खाली दुसरा नियम होता. पूर्वी याचिका टाकायची, सौदा करायचा आणि मागे घ्यायची, असा धंदा चाले. तो बंद व्हावा म्हणून पुरावा दाखल झाल्यावर समोरच्याच्या संमतीशिवाय याचिका मागे घेता येत नव्हती.

मोहोळकर आमदार निवासात ताईंच्या खोलीवर आले. या वेळी चहा ताईंनी केला.

"मागं घेतो याचिका," ते म्हणाले. "तुम्ही फक्त सही करा. आमदारकी राहील. वरती बोललोय मी. राज्यमंत्रीपदसुद्धा देतील. मत्स्यव्यवसाय खातं घ्या की! तुमच्या लोकांचं भलं करा."

"मासोळ्या राहतील तर खातं राहील ना जी?"

"ताई, डोकं ठिकाणावर आहे का तुमचं? स्वतःच्याच फाशीचा दोर धरून बसलाय तुम्ही!"

"धरला आहे तर ओढू द्या," ताई म्हणाल्या. "साखर अजून टाकू का चहात?"

दुसऱ्या टप्प्याच्या विधेयकावर मतदान होण्याच्या आदल्या दिवशी सुनावणी ठेवली गेली. सभागृहातच, कारण यंत्र तिथेच होतं. सदस्य झाडून सगळे आले. गॅलरीत तलावांच्या मुलखातली माणसं पास काढून बसली होती, बायका पुढच्या रांगेत. त्यांच्यात प्रणाली होती. आईकडे तिने बघितलं, पण हसली नाही.

आसनावर अध्यक्ष होते. तीन वर्षांपूर्वीही तेच होते.

"याचिकाकर्ते आपली याचिका मागे घेऊ इच्छितात," अध्यक्ष म्हणाले. "सन्माननीय सदस्यांची काही हरकत?"

"आहे," ताई म्हणाल्या.

"ही याचिका आपल्याच विरोधातली आहे, हे आपल्या लक्षात आहे ना?"

"आहे जी लक्षात. पुरावा वाजवा. नियमाप्रमानं, पुरा."

अध्यक्षांनी मोहोळकरांकडे बघितलं. मोहोळकर जमिनीकडे बघत होते. नियमात कुठे फट आहे का म्हणून अध्यक्षांनी आपल्या सचिवांकडे बघितलं, आणि सचिवांनी नकारार्थी मान हलवली. डॉक्टर आठल्यांनी यंत्र सुरू केलं.

आधी मूळ गलका वाजला. मग यंत्राने तो निवडायला घेतला. 'होय'चे आवाज एकेक करून उतरू लागले आणि पडद्यावर नावं उमटू लागली. काही खणखणीत होते. पण बऱ्याच नावांपुढे काहीच वाजेना. त्या दिवशी ओठ तेवढे हलले होते. मग 'नाही' सुरू झाले. विरोधकांचे आधी. ते त्या दिवशी फलक घेऊन अध्यक्षांच्या आसनापुढे उतरले होते, कॅमेऱ्यांसाठी घसा फोडून ओरडत होते, आणि त्या गडबडीत एकानेही मतविभाजन मागितलं नव्हतं. मागितलं असतं तर काय झालं असतं, ते आता पडद्यावर चढत होतं. त्यांच्याही माना खाली गेल्या.

मग सत्ताधारी बाकांची पाळी आली. कोणाचा 'नाही' रुमालातून, कोणाचा घसा खाकरता खाकरता, कोणाचा नुसती फुंकर मारल्यासारखा. गुणवंतरावांचा पानासकट. माणसं आपापल्या खुर्चीत अंग चोरून बसली होती आणि त्यांचे आवाज छतातून खाली येत होते. प्रत्येक नव्या नावाला कोणीतरी दचकून शेजाऱ्याकडे बघत होतं. "अरे, तूसुद्धा?" असं मागे कोणीतरी बोलून गेलं. आपण एकटे आहोत म्हणून हळू बोललेली ही सगळी माणसं होती, आणि हळू बोलली म्हणूनच एकटी राहिली होती.

सगळ्यांत शेवटी कौसल्या दिघोरे यांचा आवाज आला आणि बेरीज पडली. 'नाही'चा आकडा 'होय'च्या आकड्यापेक्षा मोठा होता.

यंत्र अजून थांबलं नव्हतं. ध्वनिमुद्रण पुढे सरकलं आणि अध्यक्षांचा तीन वर्षांपूर्वीचा आवाज त्या शांततेत स्वच्छ घुमला. "होयचे बहुमत, होयचे बहुमत. विधेयक संमत झाले आहे."

गॅलरीतल्या बायका उठून उभ्या राहिल्या. घोषणा कोणी दिली नाही. मार्शल त्यांना खाली बसवायला गेला आणि मधेच थांबला. झालेला कायदा या एवढ्याने मोडत नाही, अध्यक्षांनी जाहीर केलेला निकाल कोर्टही तपासत नाही, हे तिथल्या सगळ्यांना माहीत होतं. पण उद्या दुसरा टप्पा मताला यायचा होता, आणि उद्या कोणालाच गलक्याचा आडोसा नव्हता.

अध्यक्ष पाणी प्यायले. मोहोळकर मागून वाकून ताईंच्या कानाशी आले. "यंत्र चुकलं म्हणा. माझा आवाज नव्हं म्हणा. एवढं म्हणा, सगळे सुटतील. तुम्हीही."

"सन्माननीय सदस्या," अध्यक्ष म्हणाले. "शेवटी वाजला तो 'नाही' आपला आहे का? विचार करून सांगावे. आहे म्हणालात तर आपले सदस्यत्व रद्द करण्यावाचून माझ्यापुढे पर्याय नाही."

ताई उभ्या राहिल्या. त्यांनी वर गॅलरीकडे बघितलं. प्रणाली कठड्याला धरून पुढे झुकली होती.

"माझाच आहे जी," ताई म्हणाल्या. "पण लय हळू आला. वर माह्या गावची माणसं बसली आहेत, त्यायले ऐकू गेला नसंल. आणखी एकदा वाजवा, जरा मोठ्यानं."